नाटकातून हाकललेला माणूस आणि त्याने हसवलेला देश



एखाद्या नटाला काम जमत नाही म्हणून नाटक कंपनीने काढले, तर त्यात अन्याय म्हणण्यासारखे काही नाही. त्याने घरी जावे, तालीम करावी आणि पुन्हा उभे राहावे. पण नट चांगला आहे, पाठांतर चोख आहे, आवाज खणखणीत आहे, आणि तरीही त्याच्या आजी-आजोबांचे कूळ तपासून त्याला रंगमंच बंद केला, तर त्याने काय करावे? तालीम करून आजी-आजोबा बदलता येत नाहीत.

हा प्रश्न आपल्याला नवा नाही. आपल्या वाडवडिलांनी तो जन्मभर पाहिला. पण आज ज्याची गोष्ट सांगणार आहे तो माणूस आपल्याकडचा नव्हे. तो फ्रान्स देशाचा, पॅरिस शहरात वाढलेला, जन्माने यहुदी. नाव जेरार उरी. सुरुवात केली नट म्हणून, पुढे झाला पटकथा लेखक आणि दिग्दर्शक. ज्या देशात त्याला रंगमंचावरून दूर केले गेले, त्याच देशाला त्याने पोट धरून हसायला लावले. हसता हसता त्या देशाच्या मनातली घाणही त्याने लोकांपुढे आणून ठेवली. म्हणून तो आपल्या सदरात यायलाच हवा.

तीन शब्द पुसले गेले तेव्हा

जेरारचा जन्म २९ एप्रिल १९१९ चा. वडील व्हायोलिन वाजवणारे, मूळ रशियाकडचे यहुदी. आई वर्तमानपत्रात लिहिणारी. पोराला लहानपणापासून नाटकाचे वेड. पॅरिसच्या सरकारी नाट्यविद्यालयात त्याने शिक्षण घेतले आणि १९३९ च्या सुमारास त्याचा प्रवेश थेट कॉमेदी फ्रान्सेझ या संस्थेत झाला. ही फ्रान्सची सरकारी नाटक कंपनी, स्थापना १६८० ची. तिथे जागा मिळणे म्हणजे त्या देशातल्या नटाच्या आयुष्याचे सोने झाले असे समजतात. विशीतल्या पोराला ते मिळाले.

आणि लगेच युद्ध आले. १४ जून १९४० रोजी हिटलरची फौज पॅरिसमध्ये शिरली. देशाच्या दक्षिण भागात मार्शल पेतँ या म्हाताऱ्या सेनापतीचे सरकार बसले. विशी गावात त्याची राजधानी होती, म्हणून त्याला विशी सरकार म्हणतात. हे सरकार जर्मनांच्या कलाने चालणारे होते. फ्रेंच प्रजासत्ताकाचे ब्रीद स्वातंत्र्य, समता, बंधुता. विशी सरकारने ते बाजूला सारले आणि त्याजागी श्रम, कुटुंब, मातृभूमी असे तीन शब्द आणले.

वाचकहो, इथे जरा थांबू या. स्वातंत्र्य, समता, बंधुता हे शब्द आपल्या संविधानाच्या उद्देशिकेत आहेत. बाबासाहेबांनी १९५४ साली आकाशवाणीवरील भाषणात स्पष्ट सांगितले होते की, ही तत्त्वे आपण फ्रेंच राज्यक्रांतीकडून उसनी घेतलेली नाहीत, ती आपले गुरू भगवान बुद्ध यांच्या शिकवणुकीतून घेतली आहेत. बाबासाहेब मुळाशी का गेले, हे १९४० च्या फ्रान्सकडे पाहिले की कळते. ज्या देशाने ते शब्द जगाला ऐकवले, त्याच देशात दीडशे वर्षांनी एका सरकारने ते पुसले. शब्द भिंतीवर कोरून भागत नाही. ते माणसाच्या वागण्यात उतरावे लागतात.

ब्रीद गेले आणि मागोमाग कायदा आला. ३ ऑक्टोबर १९४० रोजी विशी सरकारने यहुदी लोकांसाठी वेगळा कायदा केला. यहुदी कोण? तर ज्याच्या चार आजी-आजोबांपैकी तीन यहुदी वंशाचे, तो. नवरा किंवा बायको यहुदी असेल तर दोन पुरेत. त्या माणसाने सरकारी नोकरी करायची नाही, शाळेत शिकवायचे नाही, वर्तमानपत्र, सिनेमा, नाटक यांतल्या जबाबदारीच्या जागा धरायच्या नाहीत. पुढे नियम आणखी आवळत गेले. कॉमेदी फ्रान्सेझचा दरवाजा जेरारला बंद झाला. त्याचे पाठांतर कसे आहे, हे कोणी विचारले नाही.

तो पॅरिस सोडून दक्षिणेला मार्सेयला गेला, तिथून मोनॅकोला. जानेवारी १९४२ मध्ये मोनॅको इथे त्याला मुलगी झाली, तिचे नाव दानिएल. हे नाव लक्षात ठेवा, पुढे त्याचे काम आहे. त्यानंतर तो स्वित्झर्लंडमध्ये जिनिव्हाला पोहोचला आणि युद्ध संपेपर्यंत तिथेच राहिला.

पळून गेला म्हणून जगला. त्याच १९४२ च्या १६ आणि १७ जुलैला पॅरिसमध्ये फ्रेंच पोलिसांनी घराघरातून सुमारे १३ हजार यहुदी पकडले. त्यात हजारो लहान मुले होती. युद्धाच्या काळात फ्रान्समधून एकूण ७६ हजारांच्या आसपास यहुदी छळछावण्यांकडे पाठवले गेले, त्यांतले अडीच हजारांच्या आसपास परत आले. मी कारकून माणूस, आकडेमोड हा माझा रोजचा धंदा. पण या वजाबाकीचे उत्तर कागदावर लिहायला हात धजत नाही. आणि हे आपल्या राज्याकडून घडले अशी कबुली फ्रान्सच्या राष्ट्राध्यक्षांनी जाहीरपणे दिली ती १९९५ साली. मधे त्रेपन्न वर्षे गेली.

मधली वीस वर्षे

१९४५ मध्ये जेरार परत आला. परत आला म्हणजे गेलेले सगळे परत मिळाले असे होत नाही. त्याचे विशीतले दिवस निघून गेले होते. त्याने सिनेमात कामे धरली. फ्रेंच चित्रपटांत केली, इंग्रजी चित्रपटांतही केली. एकदा नेपोलियन झाला, एकदा फ्रान्सचा युवराज झाला. पण भूमिका बहुतेक छोट्या. नायकाच्या मागे उभे राहणाऱ्या माणसाला प्रेक्षक ओळखतात, पण त्याचे नाव कुणाच्या ध्यानात राहत नाही. तसे त्याचे झाले.

चाळिशी जवळ आली तेव्हा त्याने लेखणी हातात घेतली. १९५८ साली आंद्रे कायात या दिग्दर्शकाच्या एका चित्रपटासाठी त्याने पटकथेत हात दिला आणि त्यात कामही केले. त्या चित्रपटाची नायिका मिशेल मॉर्गन, फ्रान्सची मोठी तारका. ती पुढे त्याची जन्माची सोबतीण झाली. मग त्याने स्वतः चित्रपट दिग्दर्शित करायला घेतले. गंभीर, गुन्ह्याबिन्ह्याचे. त्यांनी फार मोठे नाव झाले नाही.

१९६२ च्या अशाच एका चित्रपटात लुई द फ्युनेस नावाचा नट होता. बुटका, टकला, सतत चिडलेला, चेहऱ्याची रबरासारखी ओढाताण करणारा. तोही वर्षानुवर्षे छोट्या भूमिका करून घासून निघालेला. त्याने जेरारला सरळ सांगितले, की तू मुळात विनोदाचा लेखक आहेस, आणि हे तू कबूल करशील तेव्हाच तुझे काम दिसेल.

बघा, आयुष्यात असे सांगणारा एक माणूस भेटावा लागतो. बरोबर काम करणाऱ्यालाच ते दिसते. आणि सांगितलेले ऐकून घ्यायला मनही मोठे लागते. चाळिशी ओलांडलेल्या माणसाला कोणी म्हटले की तुझी वाट चुकली आहे, तर तो बहुधा रागावतो. जेरार रागावला नाही. त्याने वाट बदलली.

रंगाऱ्याच्या खांद्यावरचे साहेब

१९६५ साली त्याचा 'ल कॉर्नियो' आला. कॉर्नियो म्हणजे भोळसट, बावळट माणूस. सुटीवर निघालेल्या एका साध्या माणसाच्या छोट्या मोटारीला एक बडा शेठ आपल्या आलिशान मोटारीने धडक देतो आणि बिचाऱ्याची गाडी भर रस्त्यात सुटी सुटी होऊन पडते. शेठ मोठ्या मनाचा आव आणून त्याला दुसरी गाडी चालवायला देतो. खरे म्हणजे त्या गाडीत चोरटा माल भरलेला असतो. बावळटाच्या हातून माल पार करायचा, हा शेठचा डाव. पण शेवटी बावळट कोण ठरतो, ते पाहायची मजा आहे. बावळट झाला होता बुर्व्हिल, शेठ झाला होता द फ्युनेस. फ्रान्समध्ये एक कोटीहून अधिक तिकिटे खपली. तेव्हा जेरारने चाळिशी ओलांडली होती. रंगमंचावर पहिले पाऊल टाकल्यापासून पंचवीस-सव्वीस वर्षांनी त्याला स्वतःचे काम सापडले.

पुढच्याच वर्षी, डिसेंबर १९६६ मध्ये, 'ला ग्रांद व्हाद्रुई' आला. नावाचा अर्थ मोठी भटकंती. गोष्ट १९४२ सालची, जेरारला ज्या काळात देश सोडावा लागला त्याच काळातली. इंग्रजांचे विमान पॅरिसवर पडते, वैमानिक छत्रीने उतरतात. एक जण इमारत रंगवणाऱ्या रंगाऱ्याच्या पहाडावर पडतो, दुसरा संगीत नाटकगृहात शिरून वाद्यवृंदाच्या बड्या संचालकापुढे येतो. रंगाऱ्याच्या डब्यातला रंग जर्मन अधिकाऱ्याच्या अंगावर सांडतो आणि तिथून पळापळ सुरू होते. रंगारी बुर्व्हिल, संगीताचे साहेब द फ्युनेस. दोघांपैकी एकालाही शूरवीर व्हायचे नसते. पण शेजारी संकटात सापडलेला माणूस उभा आहे, आणि त्याला सोडून जाणे दोघांनाही जमत नाही.

या चित्रपटातले एक चित्र सगळ्या फ्रान्सला पाठ आहे. साहेबांचे बूट चावतात, म्हणून ते रंगाऱ्याचे बूट घेतात आणि स्वतःचे त्याला देतात. पुढे दमलेले साहेब रंगाऱ्याच्या खांद्यावरच बसलेले दिसतात. रंगारी आपला चालतो आहे. वर बसलेल्याला तेच योग्य वाटते. आपल्या घरातल्या कष्ट करणाऱ्या माणसाला हा विनोद समजावून सांगावा लागणार नाही. खांदा कुणाचा आणि तोरा कुणाचा, हे त्याला पक्के ठाऊक आहे.

त्या वेळी फ्रान्सची लोकसंख्या पाच कोटींच्या आतबाहेर. हा चित्रपट तिथल्या चित्रपटगृहांत एक कोटी ७२ लाख लोकांनी पाहिला. फ्रेंच चित्रपटांत हा उच्चांक २००८ पर्यंत कुणाला मोडता आला नाही. बेचाळीस वर्षे! युद्धाच्या जखमा मनात दडपून बसलेल्या लोकांनी एकत्र बसून त्या काळाकडे पहिल्यांदा मोकळेपणाने पाहिले असावे, असे मला वाटते.

तुम्ही त्यातले वाटत नाही!

पण मला जेरारचे सर्वात धाडसी काम वाटते ते १९७३ चे, 'रबी जेकबची साहसे'. रबी म्हणजे यहुदी धर्मगुरू. यात द फ्युनेस झाला आहे पिव्हेर नावाचा कारखानदार. या गृहस्थाला स्वतःखेरीज सगळ्यांचा तिटकारा. इंग्रज नको, काळा नको, अरब नको, यहुदी तर नकोच. मोटारीत बसून तो रस्त्यावरच्या प्रत्येकाला नावे ठेवत चालला आहे. चालक सालोमन शांतपणे गाडी हाकतो आहे. बोलण्याच्या ओघात सालोमन सांगून टाकतो की, मी पण यहुदी आहे. पिव्हेरला धक्का बसतो. इतके दिवस ज्याच्या हातात आपला जीव देऊन फिरलो तो यहुदी! मग मोठ्या उपकाराच्या सुरात तो म्हणतो, की असू दे, तरी तुला ठेवतो कामावर.

वाचकहो, हा प्रसंग मला परका वाटत नाही. अनेक वर्षांपूर्वीची गोष्ट. कचेरीत माझ्या शेजारच्या टेबलावर बसणाऱ्या एका गृहस्थांबरोबर माझा रोजचा डबा होता. त्यांची भाजी मी खायचो, माझी चटणी ते मागून घ्यायचे. एकदा सहा डिसेंबरसाठी मी रजेचा अर्ज लिहिला. त्यांनी तो वाचला, माझ्याकडे पाहिले आणि म्हणाले, "अहो, तुम्ही त्यातले वाटत नाही!" त्यांना वाटले माझे कौतुक केले. दुसऱ्या दिवशीपासून त्यांची भूक जरा लवकर लागू लागली आणि ते डबा आधीच उरकू लागले. मी त्यांना काहीच बोललो नाही. आजही वाटते, बोलायला हवे होते. पण काय बोलायला हवे होते, ते मला पिव्हेरची गोष्ट कळल्यावर सुचले.

चित्रपटात पुढे गंमत होते. शुक्रवारी सूर्य मावळतो आणि सालोमन गाडीचे काम थांबवतो. यहुद्यांचा शनिवार शुक्रवारच्या संध्याकाळीच सुरू होतो आणि त्या दिवशी काम करायचे नसते. आपल्या कोकणातले बेने इस्रायल तेलाचा घाणा चालवीत आणि शनिवारी तो बंद ठेवीत, म्हणून गावकरी त्यांना शनवार तेली म्हणत. तोच हा शनिवार. पिव्हेर भडकतो आणि सालोमनला जागच्या जागी कामावरून काढून टाकतो. त्यानंतर पिव्हेरवर अशी वेळ येते की, पाठलाग करणाऱ्या मारेकऱ्यांपासून वाचण्यासाठी त्याला आणि स्लिमान नावाच्या एका अरब पुढाऱ्याला रबीची दाढी आणि टोपी चढवून यहुदी वस्तीतच लपावे लागते. वस्तीतली माणसे पाहुणा समजून त्याला मिठ्या मारतात, जेवू घालतात, नाचवतात. ज्याला यहुदी नको होता, त्याचा जीव यहुद्यांच्या घरात वाचतो. प्रार्थनामंदिरात सालोमन त्याला ओळखतो. एका शब्दात तो त्याला उघडा पाडू शकला असता. पण तो आपल्या मालकाला मदत करतो. आणि शेवटी सालोमन आणि स्लिमान, म्हणजे यहुदी आणि अरब, हात मिळवतात.

कुणावर हसायचे, हे जेरारने नीट ठरवले होते. एरवीच्या विनोदात दुबळ्यावर हसतात. त्याची भाषा, त्याचे कपडे, त्याचे जेवण यांची टर उडवतात. आपल्याकडच्या किती सिनेमा-नाटकांत नोकर, मोलकरीण, खेड्यातला माणूस केवळ हसण्यासाठी आणतात ते आठवा. जेरारने हशाचे तोंड फिरवले. त्याच्या चित्रपटात हसे होते ते तिरस्कार करणाऱ्याचे. आणि त्यालाही तो शेवटी जात्यात घालून दळत नाही, त्याला माणसात आणतो. स्वतः द फ्युनेस पुढे सांगत असे की, या चित्रपटाने आपल्या मनावरची काजळी धुतली.

हे सोपे नव्हते. या विषयावर पैसा लावायला लोक कचरत होते. चित्रपट लागला १८ ऑक्टोबर १९७३ ला, आणि त्याआधी बारा दिवस, ६ ऑक्टोबरला, अरब राष्ट्रे आणि इस्रायल यांच्यात युद्ध पेटले होते. प्रदर्शनाच्याच दिवशी चित्रपटाच्या प्रसिद्धी अधिकाऱ्याच्या पत्नीने तो बंद करावा म्हणून विमान अडवून धरले आणि पोलिसांच्या गोळीने तिचा मृत्यू झाला. हसवणाऱ्या चित्रपटाच्या पहिल्याच दिवशी असे दुःख. तरीही लोक आले. ७० लाखांहून अधिक लोकांनी तो पाहिला.

आता कुणी म्हणेल, सिनेमा पाहून द्वेष जातो काय? नाही जात. विशीचा कायदा हशाने रद्द झाला नाही. तो लढून आणि १९४४ मध्ये नवा आदेश काढून रद्द करावा लागला. आपल्याही हक्कांसाठी चवदार तळ्याचा सत्याग्रह करावा लागला, संविधान लिहावे लागले. हशा कायद्याची जागा घेऊ शकत नाही. पण कायदा झाल्यावरही टेबलावरचा डबा बाजूला सरकतो, तिथे पोलीस येत नाही. तिथे असा विनोद पोहोचतो. आपल्या जुन्या जलशांनी हे ओळखले होते. भीमराव कर्डकांसारख्या शाहिरांनी गावोगाव जलसे करून लोकांना जागे केले, त्यात गाणी होती तसेच अंधश्रद्धेची आणि सावकारीची भंबेरी उडवणारे फार्सही होते.

लेकीच्या हातची लेखणी

आता त्या दानिएलकडे येऊ. मोनॅकोला पळापळीत जन्मलेली ती पोर २४ वर्षांची झाली आणि 'ला ग्रांद व्हाद्रुई'च्या पटकथेत बापाच्या शेजारी बसून लिहू लागली. 'रबी जेकब'मध्येही तिचे लेखन आहे. बापाने दिग्दर्शन करायचे, आणि कागद दोघांनी मिळून भरायचा, असे पुष्कळ वर्षे चालले. दानिएल थॉम्पसन या नावाने ती पुढे स्वतः नामवंत पटकथाकार आणि दिग्दर्शक झाली. तिचा मुलगाही नट आणि लेखक झाला. रंगमंचावरून ज्याला काढले त्याच्या घरात तीन पिढ्या लेखणी चालली.

जेरारला उशिरा मान मिळाले. १९९३ मध्ये चित्रपटसृष्टीने त्याचा सीझर पुरस्काराने गौरव केला. १९९८ मध्ये फ्रान्सच्या ललितकला अकादमीत त्याची निवड झाली. ज्या राष्ट्राच्या नाट्यसंस्थेने १९४० मध्ये दार लावले, त्याच राष्ट्राच्या अकादमीने वयाच्या एकोणऐंशीव्या वर्षी दार उघडले. २० जुलै २००६ रोजी तो गेला.

माता-भगिनींनो, तरुण मित्रांनो, आपल्या वस्तीत जयंतीला मुले नाटक बसवतात. त्यात आपण मुलांना बहुतेक रडायला लावतो. रडणे खरे आहे, ते सोडू नये. पण यंदा एका मुलीला सांगा की, "तुझ्या वर्गात, दुकानात, बसमध्ये कुणी तोरा दाखवला असेल तर तो प्रसंग लिही, आणि तोरा दाखवणाऱ्याची फजिती कर." आणि ज्या पोराला नाटकात भूमिका मिळत नाही, त्याला हिणवू नका. त्याच्या हातात वही द्या. आई-बापांनीही त्याच्या शेजारी बसावे. लिहायला न येणाऱ्या आईला प्रसंग सांगता येतो, आणि आपल्या आयांकडे प्रसंगांना तोटा नाही.

मीही एक नाटुकले लिहायला घेतले आहे. त्यात दोन टेबले आहेत, दोन डबे आहेत आणि एक रजेचा अर्ज आहे. शेवट अजून ठरलेला नाही. पण शेजारच्या टेबलावरच्या गृहस्थांना शेवटी माझी चटणी मागावीच लागेल, एवढे नक्की.

जय भीम!